रिलीव्हर आला नाही

निवृत्त होऊन अकरा वर्षं झाली, पण अगदी परवापरवापर्यंत माझी नाइट सुटली नव्हती. महिन्यातून दोन-तीनदा तरी मी स्वप्नात रेल मिलच्या पुलपिटमध्ये उभा असायचो. पुलपिट म्हणजे मिलच्या वरच्या अंगाला असलेली काचेची खोली; तिथे बसून ऑपरेटर खालचे रोल चालवतो. खाली तापलेला लाल रूळ सळसळत हॉट सॉकडे जातो, करवत लागते, कान फाटतील अशी किंकाळी आणि मागोमाग ठिणग्यांचा पिसारा. घड्याळात सहा वाजून दहा मिनिटं. मग सव्वासहा. मग साडेसहा. आणि माझा रिलीव्हर येत नाही.

ज्यांनी पोलादाच्या कारखान्यात पाळ्या केल्या नाहीत त्यांना यातली धास्ती कळायची नाही. कचेरीतला माणूस वेळ झाली की खुर्ची मागे सारून उठतो. मिलमध्ये पुढच्या पाळीचा माणूस येऊन शेजारी उभा राहतो, "काय चाललंय?" विचारतो, तेव्हा कुठे लिव्हरवरचा हात काढायचा. तो आलाच नाही तर डबल ड्यूटी. तर स्वप्नात मी तसा उभा असतो, लघवीला जोरात लागलेली असते (वय ७१, हा भाग स्वप्नातला की बाहेरचा, सांगता येत नाही), आणि जाग येते.

"आला का?" ही डोळे न उघडता विचारते.

"नाही आला."

"मग झोपा."

इतक्या वर्षांच्या संसारात एवढं नेमकं बोलणं आमच्यात दुसरं कुठलं होत नाही.

दिवाळीत पुण्याहून नातू आला. त्याला हे सांगितलं, तर त्यानं संध्याकाळी टीव्हीला लॅपटॉप जोडून 'इन्सेप्शन' लावला. क्रिस्टोफर नोलनचा २०१० सालचा सिनेमा. त्यात काही माणसं एका पेटीतून निघालेल्या नळ्या मनगटाला लावतात, एकत्र झोपतात, आणि एखाद्या बड्या असामीच्या स्वप्नात शिरून तिच्या डोक्यातली गुपितं पळवतात. पुढे तर चोरी राहते बाजूला, त्या डोक्यात एक विचार पेरून यायचं ठरतं. स्वप्नात स्वप्न, त्याच्या पोटात आणखी एक. आत जावं तसा वेळ ताणत जातो: बाहेरची पाच मिनिटं म्हणजे आत एक तास. मी लगेच तोंडी हिशेब केला. आठ तासांची पाळी चाळीस मिनिटांत. नातवाला म्हटलं, "हे कुठल्या मॅनेजमेंटला कळू देऊ नकोस."

त्या सिनेमात एक पोरगी आहे, ती स्वप्नाचा नकाशा आखते. रस्ते, इमारती, जिने, सगळं तिनं आधी ठरवायचं, मग बाकीच्यांनी आत उतरायचं. नातू तिच्यावर फार खूश होता. मला तिचं काही विशेष वाटलं नाही. आमच्या भिलाईत हे काम फार पूर्वीच उरकलंय. २ फेब्रुवारी १९५५ ला सोव्हिएत रशियाशी कारखान्याचा करार झाला, ४ फेब्रुवारी १९५९ ला राजेंद्रबाबूंच्या हस्ते पहिली झोतभट्टी सुरू झाली, आणि तिच्या आगेमागे शेतं-तळ्यांच्या मुलखात क्वार्टरांच्या रांगा उठल्या. एका नमुन्याचं क्वार्टर पाहिलं की त्या नमुन्याची सगळी पाहिली. पुढची खोली, उजव्या हाताला स्वयंपाकघर, मागे अंगण, अंगणात मोरी, मोरीशेजारी पेरूचं झाड. कुणाच्याही स्वप्नात शिरा, मोरी कुठे हे विचारावं लागत नाही.

जागेपणीही लागत नसे. मी शाळकरी असतानाची गोष्ट. पावसाळ्यातली पहाट, दिवे गेलेले. पलीकडच्या सडकेवरचे एक तेलुगू काका नाइट करून आले, सायकल लावली, दार ढकललं, ओले बूट काढले आणि पुढच्या खोलीतल्या खाटेवर आडवे झाले. घर आमचं होतं. आई उठली तेव्हा अंधारात तिला खाटेवर पाय दिसले. नाइटवरून आलेल्या माणसाचे पाय असतात तसेच पाय. तिनं वर चादर घातली आणि आम्हा पोरांना नेहमीचं बजावलं, "बाबांची नाइट होती, आवाज करू नका." अर्ध्या तासानं बाबा आले. त्यांना त्या दिवशी रिलीव्हर उशिरा मिळाला होता. दारात उभे राहून त्यांनी खाटेवरचा झोपलेला पुरुष पाहिला, दबक्या आवाजात "सॉरी" म्हणाले आणि दार लोटून बाहेर पडले. पुढे दोन क्वार्टरं जाऊन दारावरचे नंबर वाचले, मग परत आले. आई सांगायची, त्या "सॉरी"त एवढी अदब होती की तशी ती लग्नानंतर पुन्हा कधी तिच्या वाट्याला आली नाही.

"बाबांची नाइट होती" हे वाक्य आमच्या सडकेवर पाच-सहा भाषांत ऐकू यायचं. बंगालीत, तेलुगूत, मल्याळीत, छत्तीसगढीत. भर दुपारी खिडक्यांना काळा कागद, दारावर खसची ताटी, आणि बाहेर गोट्या खेळणारी पोरं कुजबुजत भांडताहेत. एका घरात तिघं तीन पाळ्यांत झोपायची. गादी गार व्हायला सवड नसे. म्हणून सिनेमा बघताना माझ्या मनात पहिली शंका आली ती तंत्राची नव्हतीच. एकत्र स्वप्न बघायचं तर आधी एकाच वेळी झोपायला हवं. ते भिलाईत कुणाला जमलं होतं?

नातू गेल्यावर मी या विषयाच्या मागेच लागलो. रिकामा माणूस. बघतो तर साहेबलोकांनी सव्वाशे-दीडशे वर्षांपूर्वीपासून हे प्रकरण लिहून ठेवलंय. १८९१ साली जॉर्ज ड्यू मॉरिए यांची 'पीटर इबेटसन' ही कादंबरी आली. नायक कैदेत, नायिका बाहेर सरदारीण, आणि दोघं वर्षानुवर्षं रोज रात्री स्वप्नात भेटतात, प्रवास करतात, संसार म्हणावा तसं राहतात. त्यासाठी झोपायची एक बैठकच सांगितलेली आहे: उताणं पडायचं, हात डोक्याखाली गुंफायचे, पाय एकावर एक टाकायचे. मी तीन रात्री करून पाहिलं. दोन्ही हातांना मुंग्या आल्या, आणि तिसऱ्या रात्री ही म्हणाली, "तसे झोपू नका हो, दर्शनाला ठेवल्यासारखं वाटतं." प्रयोग तिथेच थांबला.

किपलिंगनं १८९५ मध्ये 'द ब्रशवुड बॉय' लिहिली. हा गृहस्थ १८६५ साली मुंबईत जन्मलेला, बाप जे. जे. स्कूलमध्ये शिकवायचा, तेव्हा त्याला अर्धा आपल्यातला धरायला हरकत नाही. गोष्टीतला तरुण हिंदुस्थानातल्या पलटणीत अधिकारी आहे. लहानपणापासून तो स्वप्नात एकाच मुलखात जातो. समुद्रकाठ, काटक्यांचा ढीग, तिथून निघणारी वाट. बरोबर एक मुलगी. तो त्या मुलखाचा नकाशासुद्धा काढतो. मग रजेवर विलायतेत गेल्यावर एका संध्याकाळी एक तरुणी पियानोवर स्वतः रचलेलं गाणं म्हणते आणि त्यात हाच मुलूख निघतो. तिनंही आयुष्यभर तिथेच हेलपाटे घातलेले. मला ही गोष्ट 'इन्सेप्शन'पेक्षा आवडली, कारण तिच्यात पेटी नाही आणि चोरी नाही. जपानी लेखक यासुताका त्सुत्सुई यांच्या 'पॅप्रिका'त पुन्हा यंत्र आलंच. त्यावर सातोशी कोननं २००६ मध्ये चित्रपट काढला. त्यात यंत्र चोरीला जातं आणि सगळ्या गावाची स्वप्नं एकमेकांत सांडून रस्त्यावर फ्रिज आणि बेडूक मिरवणुकीनं चालू लागतात. ही म्हणाली, "आपल्या गणपती विसर्जनापेक्षा वेगळं काय आहे यात?"

तिच्याशी बोलता बोलताच मला आपल्याकडची मंडळी आठवली, आणि मग मी ड्यू मॉरिएला बाजूला ठेवलं.

इ.स. १२९६ मध्ये ज्ञानेश्वर आळंदीला समाधीत बसले. पावणेतीनशे वर्षांहून अधिक काळ गेला. एके रात्री ते पैठणच्या एकनाथांच्या स्वप्नात आले. काही ब्रह्मज्ञान सांगायला आले असतील असं वाटतं ना? तक्रार घेऊन आले. अजानवृक्षाची मुळी गळ्याला लागली आहे, आळंदीला येऊन तेवढी काढ. नाथ गेले, समाधी शोधली, मुळी सोडवली; आणि पुढे शके १५०६ मध्ये, म्हणजे १५८४ साली, ज्ञानेश्वरीत शिरलेले अपपाठ काढून त्यांनी शुद्ध प्रत सिद्ध केली. गळ्याची मुळी आणि ग्रंथातले अपपाठ यांचा संबंध विद्वान लावतातच. माझ्या कारखानी डोक्याला त्यातली साधी गोष्ट दिसते. मेंटेनन्सचं काम निघालं होतं आणि ते कुणाला सांगायचं हे माउलींना ठाऊक होतं.

तुकोबांकडे तर स्वप्नात दोनदा माणसं आली. एकदा नामदेव, बरोबर पांडुरंग. नामदेवांचा शतकोटी अभंगांचा संकल्प अपुरा राहिला होता, तो तू पुरा कर म्हणून सांगायला. विठ्ठलानं थोपटून सावध केलं, असं तुकोबाच सांगतात. नामदेव जाऊन पावणेतीनशे वर्षं झालेली, म्हणजे बाकी तेवढी जुनी. याला मी रिलीव्हर म्हणतो. उशीर झाला, पण चार्ज घेतला आणि काम आटोपून दाखवलं.

दुसऱ्यांदा आले ते गुरू, बाबाजी. गंगास्नानाला जाताना वाटेत भेटले, मस्तकावर हात ठेवला, 'रामकृष्णहरि' मंत्र दिला. माघ शुद्ध दशमी, गुरुवार. तिथी-वार सगळं तुकोबांनी नोंदवलंय. आणि आणखी एक गोष्ट नोंदवली आहे, तिच्यावर माझा फार जीव आहे. गुरूंनी जेवायला पावशेर तूप मागितलं आणि तुकोबांना त्या स्वप्नात त्याचा विसर पडला. जन्माची दीक्षा मिळते आहे, परंपरा सांगितली जाते आहे, आणि शिष्याच्या मनाला कायमची टोचणी काय लागते, तर तूप द्यायचं राहिलं. देहूच्या वाण्याचं घर, तूप तोलून देणं हा ज्यांच्या घराण्याचा धंदा, त्याच माणसाकडून वजन-मापासकट मागितलेला जिन्नस राहून जावा! हे कुणी बनवून सांगणार नाही. बनवून सांगणारा तूप वाढून मोकळा होतो.

मग हेच तुकोबा बहिणाबाईंच्या स्वप्नात गेले. बहिणाबाई तेव्हा कोल्हापुरात. घरची ब्राह्मणाची, नवरा रागीट, जयरामस्वामींच्या कीर्तनात तुकोबांचे अभंग ऐकलेले, पण त्यांना पाहिलेलं नाही. लाडकं वासरू मेलं, त्या दुःखात बाई बेशुद्धीसारखी पडून राहिली आणि त्यातच तुकोबांनी येऊन मंत्र दिला. नवऱ्यानं पुढे काय काय केलं ते बाईंनी आत्मचरित्रपर अभंगांत लिहून ठेवलंय. आणि शेवटी तोच तिला घेऊन देहूला गेला. म्हणजे ज्याला स्वप्नात दीक्षा मिळाली त्यानं स्वप्नातच पुढे दिली. बाबाजी, तुकोबा, बहिणाबाई, अशी ही नाइट शिफ्टची गुरुपरंपरा. पुढे संतचरित्रकार महिपतींनाही तुकोबांनी स्वप्नात येऊनच कामाला लावलं.

साहेबाच्या गोष्टीत माणसं दुसऱ्याच्या स्वप्नात जातात ती चोरायला किंवा प्रेम करायला. आपल्याकडे हवापालटाला म्हणून कुणी येत नाही. येणारा हातात वर्क ऑर्डर घेऊन येतो. अपवाद एक उषा. बाणासुराच्या त्या मुलीच्या स्वप्नात अनिरुद्ध आला तो खरोखरच कामाशिवाय. पण तिथेही मैत्रीण चित्रलेखा हिला कामाला लागावंच लागलं. तिनं देवादिकांची, राजपुत्रांची चित्रं काढून दाखवली, उषेनं बोट ठेवलं, आणि चित्रलेखेनं द्वारकेला जाऊन त्या पोराला झोपेतच उचलून आणलं. झोपेत बदली झाल्याचं पुराणातलं मला ठाऊक असलेलं हे एकमेव उदाहरण.

आमच्या बाजूला या मुलखाचा एक मोठा माणूस होऊन गेला, त्याला विसरून चालणार नाही. आम्ही राहतो त्या मरोद्याहून दुर्गमार्गे तासाभरात राजनांदगाव. तिथल्या दिग्विजय महाविद्यालयात १९५८ पासून गजानन माधव मुक्तिबोध शिकवत. मायबोली मराठी, भाऊ शरच्चंद्र मराठीतले कवी, आणि हे लिहायचे हिंदीत. राणीसागर आणि बूढ़ासागर या दोन तलावांच्या मध्ये त्यांचं राहतं घर, आत गोल जिना. 'अंधेरे में' या त्यांच्या लांबलचक कवितेत मध्यरात्री शहरातून एक मिरवणूक निघते. दिवसा प्रतिष्ठेनं वावरणारी ओळखीची माणसं तिच्यात चाललेली असतात, आणि त्यांना बघणारा पकडला जातो, कारण त्यानं त्यांना उघडं पाहिलेलं असतं. मी पहिल्यांदा वाचली तेव्हा नाइटला होतो. दुसऱ्या दिवशी हजेरीच्या रांगेत प्रत्येकाकडे मी जरा चोरून बघितलं.

मरोदा हे गाव अशा गोष्टींना सोयीचं आहे, हे मी रात्री जागून सांगतो. अडीचच्या सुमाराला दल्लीराजहऱ्याची खनिजाची मालगाडी मरोदा स्टेशनावरून जाते. तिचा खडखडाट अख्ख्या वस्तीच्या झोपेत शिरतो. कुणाच्या स्वप्नात तिचा पाऊस होतो, कुणाच्या वरात. पहाटे मैत्रीबाग प्राणिसंग्रहालयातला वाघ ओरडला की हीच झोपलेली वस्ती एकदम कूस बदलते. आम्ही सगळे एकच कच्चा माल वापरतो. घाणा मात्र जो तो आपापला काढतो.

नातवानं मला आणखी एक शिकवलं. त्या सिनेमात प्रत्येकाजवळ एक खुणेची वस्तू असते. आपण स्वप्नात आहोत की बाहेर, हे तिच्यावरून ओळखायचं. नायकाजवळ भोवरा. "आजोबा, तुमची वस्तू कोणती?" मी त्याला मरोदा स्टेशनावर घेऊन गेलो. रुळाच्या कमरेशी, जिथे तो बारीक होतो तिथे, वाकून बघितलं तर उठावाची अक्षरं असतात: कारखाना, रुळाचं माप, रोलिंगचं साल. पूर्वी तेरा मीटरचे रूळ निघायचे, आता जोडून २६० मीटरचा एक अखंड रूळ पाठवतात; अक्षरं मात्र तिथेच. गंज बोटानं पुसला, साल वाचलं. माझ्या नोकरीतलं होतं. "स्वप्नात ही अक्षरं लालभडक असतात," मी सांगितलं, "आणि कितीही वाकलं तरी वाचता येत नाहीत." पोरानं त्यावर हात ठेवला आणि लगेच काढला. उन्हानं तापला होता.

शास्त्रज्ञही आता झोपलेल्याच्या दारावर टकटक करू लागलेत. २०२१ साली अमेरिका, फ्रान्स, जर्मनी आणि नेदरलँड्स अशा चार देशांतल्या प्रयोगशाळांनी मिळून एक अभ्यास छापला. ३६ जणांना झोपवलं. आपण स्वप्नात आहोत हे कळत असतानाही झोपून राहायची कला काहींना येते. तशा झोपेत त्यांना गणितं घातली. आठातून सहा गेले किती? एकानं मिटल्या पापणीआड डोळे दोनदा डावी-उजवीकडे फिरवले. दोन. उत्तर बरोबर. म्हणजे बाहेरून आत निरोप गेला, आतून बाहेर आला. झोपलेल्या माणसापर्यंत पोचता आल्यावर पहिली गोष्ट त्याला वजाबाकी घालायची, हे मात्र खास मास्तरांनाच सुचावं.

हे सगळं एकदा मी नानाला फोनवर सांगत होतो. नाना म्हणजे माझा रिलीव्हर. गोंदियाकडचा, माझ्याहून दोन वर्षांनी लहान. आता नागपुरात मुलाकडे असतो. त्यानं सगळं निमूट ऐकलं. मग म्हणाला, "तुला एक सांगू? हसशील."

"सांग."

"मला स्वप्न पडतं. फर्स्ट शिफ्ट असते. मी सायकलवर निघालोय. मुर्गा चौकापर्यंत येतो, चेन उतरते. बसवतो. गेटवर येतो तर पास नाही. दुसऱ्या शर्टाच्या खिशात राहिलाय. परत घरी, परत गेटवर. मोठ्या घड्याळात सहा-दहा झालेले असतात. मग सव्वासहा. आणि मला ठाऊक असतं की वर पुलपिटमध्ये तू उभा आहेस."

मी काही बोललो नाही. तोही बोलला नाही. दोघांच्याही हातात फोन होते आणि नेटपॅक चालू होता, म्हणून शांतता परवडली.

"कधीपासून?" मी विचारलं.

"रिटायर झाल्यापासून."

"मग इतकी वर्षं मी इथे उभा आहे आणि तू तिथे चेन बसवतोयस!"

ठरलं. त्याच रात्री दोघांनी दहाला दिवा मालवायचा. पास त्यानं उशाखाली ठेवायचा. त्याच्याकडे जुना, कोपरा उडालेला एक होताच. सायकल घ्यायची नाही, चालत यायचं. मी जिथला तिथे उभा राहीन. ही म्हणाली, "नानाभाऊजींना म्हणावं, वेळेवर या. यांना बाथरूमला जायचं असतं."

त्या रात्री मला झोप लागली नाही. दहाला पडलो, अकरा वाजले, अडीचची मालगाडी गेली, चारला उठून चहा केला. लग्नाच्या आदल्या रात्रीसुद्धा मी एवढा जागा नव्हतो. सहा वाजून दहा मिनिटांनी फोन केला. नाना खवळलेला होता.

"शरम वाटते का? पास मिळाला, गेट ओलांडलं, जिना चढून वर आलो, तर पुलपिट मोकळं! खाली रूळ चाललाय आणि लिव्हरवर कुणी नाही. चार्ज न देता निघून गेलास?"

"अरे, मला झोपच..."

"रात्रभर मी एकट्यानं मिल चालवली."

त्याला तीन महिने झाले. माझं ते स्वप्न पुन्हा पडलेलं नाही. ही अधूनमधून सवयीनं "आला का?" विचारते आणि मी घोरत असतो, असं ती सांगते. नानाची मात्र पंचाईत झाली आहे. सकाळी दहाच्या आत त्याला फोन केला की वहिनी उचलतात आणि अगदी हळू आवाजात म्हणतात, "भाऊजी, जरा नंतर करता का? ह्यांची नाइट होती."